सुटला पाहिजे

पडद्यावर तो माणूस धान्याच्या कोठारात दडून बसला होता आणि बाहेर शेरीफचा कुत्रा हुंगत फिरत होता. मालकाच्या सांगण्यावरून त्याने गोदाम पेटवलं होतं. आत दोन कामगार होते. सिनेमा अमेरिकन. जर्मनीतली रविवारची रुहेत्साइट, म्हणजे शांतता पाळायची वेळ; शेजारी तक्रार करतील म्हणून आवाज अगदी बारीक.

"सुटला पाहिजे यार," मयुरेश पुटपुटला.

विभावरीने कपड्यांच्या घड्या घालता घालता नवऱ्याकडे पाहिलं. तो सोफ्याच्या अगदी कडेवर आला होता. एरवी असल्या सिनेमांवर तोच वैतागायचा. गुन्हेगारांना डोक्यावर बसवतात लेकाचे, म्हणायचा. आणि या महिन्यातला हा चौथा.

"दोन माणसं मेली त्याच्यामुळे," ती म्हणाली.

"हो, पण माणूस वाईट नाहीये गं. मुलीशी कसा वागतो बघ ना."

"मेलेल्यांनाही मुली असतील."

"तुला कळत नाहीये. त्याला वरून सांगितलं होतं. तो नाही म्हणाला असता, तर दुसऱ्या कुणीतरी केलीच असती सही."

विभावरीचा हात थांबला. "सही? त्याने तर काडी ओढली."

मयुरेशने रिमोट उचलला, परत ठेवला.

कंपनीत तो ब्रेकच्या चाचण्या घ्यायचा. गेले काही दिवस फोन आला की बाल्कनीत जायचा आणि आत येऊन "काही नाही, ऑफिसचं" म्हणायचा. विभावरीला भलताच संशय आला होता. तो अंघोळीला गेलेला असताना तिने त्याचा फोनही चाळला होता. बाई कुठेच नव्हती. तेव्हा तिला स्वतःचीच लाज वाटली होती.

"मयुरेश, कशावर सही केलीस तू?"

तो पडद्याकडेच बघत राहिला. कुत्रा कोठारावरून पुढे निघून गेला.

"ब्रेकच्या एका बॅचचा रिपोर्ट होता. म्हणजे... चाचणीत थोडंसंच कमी भरत होतं. सगळे काही फेल होणार नाहीत."

"गाड्यांमध्ये बसले ते?"

त्याने होकारार्थी मान हलवली.

"कुठल्या गाड्या?"

"आपली नाही," तो घाईघाईने म्हणाला. "आपली त्या बॅचच्या आधीची आहे. मी सगळ्यात पहिलं तेच बघितलं."

विभावरीच्या तोंडून सुटकेचा सुस्कारा बाहेर पडला. दोघांनीही तो ऐकला.