समोरचा वारा

"किक त्या पोरानं स्वतःच्या मनानं मारली, एवढंच पत्रकारांना सांग. तुझी नोकरी मी राखतो," क्लबचे मालक कोच ऑरेस्टला म्हणाले.

फुटबॉल कोचची नोकरी म्हणजे विंचवाचं बिऱ्हाड. कॅनडाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत त्याच्यामागे फिरून दमलेली त्याची बायको मार्लीन या गावात मात्र रुळली होती. जिवाभावाच्या मैत्रिणी मिळाल्या होत्या, चर्चमध्ये ती गाऊ लागली होती. "आता इथून हलायचं नाही हं," असं तिनं बजावूनही ठेवलं होतं.

तो माइकसमोर बसला. फायनलची शेवटची किक हुकलेला डेव्हन मागे भिंतीला टेकून उभा होता. हरल्यापासून त्याच्या घशाखाली घास उतरला नव्हता.

ऑरेस्टनं घसा खाकरला. "वारा समोरून होता, मला दिसत होतं. तरी तेवढ्या लांबून किक मार, असं मीच सांगितलं. पोराची काही चूक नाही."

नोकरी तासाभरातच गेली. घरी आला तर रेडिओवर तीच बातमी चालली होती. बूट न काढताच तो दारात उभा राहिला.

"मार्लीन, पुन्हा घर बदलावं लागणार गं..."

तिचे डोळे भरून आले होते. त्याचे थंडीनं गारठलेले हात तिनं आपल्या हातांत घेतले.

"बदलू की. तू दुसरं काही बोलला असतास ना, तर मात्र मी एकटीच निघाले असते."