मुद्दाम केलेली चूक

"काका, अक्षरबाग उघडताना आकडा मागतेय. माझ्या लहानपणीची सीडी आहे, पाकिटावर तुमचा नंबर होता. आता लेकीला शिकवायचंय." फोनच्या स्पीकरवर कुणी अनोळखी बाई बोलत होती.

हेमकांतने बनवलेला तो अक्षरं शिकवणारा कॉम्प्युटरवरचा खेळ बाजारातून केव्हाच गेला होता. त्याच्याकडेसुद्धा एकही सीडी उरली नव्हती. पण तिने पडद्यावरचा आकडा वाचून दाखवताच त्याने जुन्या सवयीने आकडेमोड करून खेळाचं कुलूप उघडणारा उत्तराचा आकडा सांगितला. शेजारी वृंदा, त्याची बायको, मटार सोलत होती. घशाच्या ऑपरेशनपासून तिचा आवाज कायमचा गेला होता.

"सुरू झाला, काका. फार आभारी आहे."

मागोमाग फोनमधून तरुण वृंदा बोलली, "शाब्बास! चल पुढच्या झाडाकडे." स्वयंपाकघरातला पंखा बंद करून, घामाघूम होत तिनेच तेव्हा खेळातली वाक्यं रेकॉर्ड केली होती.

वृंदाच्या हातातली शेंग तशीच राहिली.

"आभार आम्हीच मानायचे, ताई," हेमकांत म्हणाला. "आता एवढं करा. लेकीला मुद्दाम चुकायला सांगा."

पलीकडे पोरगी खुदकन हसली आणि चुकली.

"असू दे राजा, पुन्हा करून बघ," फोनमधला आवाज म्हणाला.

वृंदाचे ओठ शब्दाशब्दाला हलत होते.