खोलीची शांतता

"हे संगीत आहे की आजाऱ्याला दिलेलं मिळमिळीत दही?" दिग्दर्शक जाहारीनं हेडफोन टेबलावर आपटले. "पडद्यावर, स्वयंपाकघरात, नवरा-बायको एकमेकांच्या जिवावर उठलेत, आणि तुझी व्हायोलिनं अंगाई गातायत!"

इस्क्रानं हेडफोन उचलून जागेवर ठेवले. प्लोवदिव शहरातल्या कितीतरी छोट्या सिनेमांना तिनं संगीत दिलं होतं, आणि दर वेळी श्रेयनामावलीतून तिचं नाव गळालं होतं. तिची आई मात्र प्रत्येक सिनेमाला झाडूवाला येईपर्यंत खुर्चीला चिकटून नावं वाचत बसायची. या वेळी नाव नक्की आहे, असं इस्क्रानं तिला सांगून टाकलं होतं.

"उद्या मला द्वेष हवाय," जाहारीनं बजावलं. " अस्सल! नाहीतर संगीतकार म्हणून आमच्या शारोचं नाव टाकतो. कुत्रा असला तरी वेळेवर भुंकतो."

इस्क्राकडे द्वेष नव्हता, पण शांतता होती. शूटिंग संपलं की त्या खोलीची मिनिटभर शांतता रेकॉर्ड करून ठेवायची असते. संवादांमधल्या फटी बुजवायला ती लागते. त्या स्वयंपाकघरातल्या शूटिंगनंतरही सगळ्यांनी श्वास रोखून धरला होता. जाहारीला मात्र मिनिटभर तोंड मिटणं जमलं नव्हतं. तो दाराआडून इस्क्राच्या सात पिढ्या उद्धरत होता. इस्क्रानं रेकॉर्डिंगमधला तो उद्धार घेतला आणि इतका संथ केला, की शब्द विरघळून नुसती गुरगुर उरली.

दुसऱ्या दिवशी ती गुरगुर ऐकताना जाहारी पांढराफटक पडला.

"कोण आहे हा? असला माणूस घरात असेल तर मी घर सोडीन!"

"तुम्हीच." तिनं सगळं सांगितलं.

जाहारीनं डोळे पुसले. विचार केला. खुलला.

"म्हणजे संगीत माझं! मग नावही माझंच."

इस्क्रानं वाद घातला नाही. "चालेल. पण तुम्ही नासवलेली शांतता आधी भरून द्या. काचेपलीकडे माइकसमोर बसा, मिनिटभर गप्प. जमलं तर नाव तुमचं, नाही तर माझं."

"एवढंच?" जाहारी हसत आत जाऊन बसला. ओठ घट्ट मिटले.

तांबडा दिवा लागला. इस्क्रानं काचेला एक कागद लावला. त्यावर ठळक अक्षरांत लिहिलं होतं: दिग्दर्शक – शारो.