तिसरा थर

वाळूजहून आणलेली पुठ्ठ्याची रिकामी खोकी नव्वद होती. जमिनीवर त्यांचे तीस-तीसचे तीन थर रचले होते. सत्यशीला पहिल्यांदाच तिसऱ्या मजल्यावरून उडी मारणार होती.

"वरचा थर फ्रेममध्ये येतोय. काढू का?" कॅमेरामन वरदने विचारलं.

"काढा की," जिना चढता चढता सत्यशीला म्हणाली. "बिभीषणदादा स्टंट करायचे तवा दोनच थर असायचे. व्हय ना दादा?"

"व्हय." सेकंड युनिटचा डायरेक्टर बिभीषण काठीवर रेलला. "माझी शेवटची उडीबी दोनावरच झाली. वरद, कॅमेरा वर घे."

सत्यशीलाने उडी मारली आणि हसत उठली. बिभीषणने एकेक खोकं बाजूला करून मोजलं. वरच्या थरातली सोळा चेपली होती, मधल्या थरातली अकरा. तळाच्या थरातली चार.