राक्षस मेल्यावरचं गाव

मोहोपाड्यात बाबांचं वर्षश्राद्ध उरकलं आणि त्याच संध्याकाळी मनालीनं मोबाईलवरच्या गेममधल्या शेवटच्या राक्षसाला गाठलं. सोडून दे, कोंडून ठेव की मारून टाक, असे तीन शेवट होते. तिनं मारून टाकलं.

तरी गेम पुढे चालूच राहिला. ती गावात परतली, तर तिथली माणसं अजून जुनंच बोलत होती, "दारं लावून घ्या, तो येतोय."

"आई, बघ गं, तो मेला तरी यांना पत्ताच नाय," मनाली खदखदून हसली.

तेवढ्यात बाबांच्या कंपनीचा पाळी सुटल्याचा भोंगा झाला. आईनं खुंटीवरचा बाबांचा पट्टा काढून घाईघाईनं गादीखाली सारला.



"हळू हस गं. येतील आता तुझे बाबा."