उजव्या नाकपुडीतली नथ

"आजी, हे चित्र नकली आहे," भिंगातून डोळा न काढता तज्ज्ञ म्हणाले. "मास्तरांच्या अस्सल चित्रात बाईची नथ उजव्या नाकपुडीत आहे. तुमच्या चित्रात डावीकडे."

हे चित्र विकून अनसूयाबाई गुडघ्याचं ऑपरेशन करणार होत्या. साठ वर्षांपूर्वी त्या मॉडेल म्हणून चित्रकार मास्तरांसमोर आठ दिवस बसल्या होत्या आणि मजुरीऐवजी मास्तरांनी हेच चित्र हातात ठेवलं होतं.

"अहो साहेब, नथ डावीकडेच घालतात आपल्यात. कॅलेंडरवाल्यानं हे चित्र डावं-उजवं उलटं छापलं, तेव्हा मास्तर दोन दिवस जेवले नव्हते. तुमचं ते अस्सल चित्र कुणीतरी कॅलेंडर बघून रंगवलंय."

"ते माझ्या प्रमाणपत्रावर दोन कोटींना गेलंय," तज्ज्ञ म्हणाले. दोन कोटींना गेलेली वस्तू नकली निघत नाही, एवढा अभ्यास त्यांचा पक्का होता.

अनसूयाबाईंनी नाक पुढे केलं. "मग हे भोक बघा."

तज्ज्ञांनी भिंग लावून बघितलं. "नाक हा पुरावा धरत नाहीत, आजी. पण त्या अस्सल चित्राचं उद्या प्रदर्शन आहे. मॉडेल म्हणून शेजारी उभ्या राहा. ऑपरेशनचा खर्च आमच्याकडे." त्यांनी खणातून चापाची नथ काढली. "फक्त ही उजवीकडे लावा."

अनसूयाबाईंनी गुडघा चोळला, मग नथ उचलली.

"आरसा द्या," त्या म्हणाल्या. "त्यात तरी डावीकडे दिसेल."