बोयावरची वस्ती

जानकीबाई तांडेलने मुलाच्या होडीचं नाव असलेला, किनाऱ्याला लागलेला तरंगता बोया प्रयोगशाळेच्या टेबलावर ठेवला, तेव्हा समुद्रजीव अभ्यासणाऱ्या मृण्मयीला त्यावरचं शेवाळ हलताना दिसलं. तांदळाएवढे, कुशीवर सरपटणारे अँफिपॉड, कोळंबीचे चिमुकले भाऊबंद. तिने चिमट्याने एक उचलून जनुकं वाचणाऱ्या यंत्रात ठेवला. हे जीव अंडी पाण्यावर सोडून देत नाहीत. मादी पिल्लांना पोटाखालच्या पिशवीत सांभाळते, म्हणून खाडीगणिक कूळ वेगळं. यंत्र आता कुळावरून गाव सांगायचं.

"तीन वर्सं झाली, दर्यानं गिळला माझा दामा," जानकीबाई म्हणाली. "कुठं गिळला, तेवढं सांग पोरी."

पडद्यावर ठिपका उमटला तो भर समुद्रात नव्हे, ओमानच्या एका बंदरात. या कुळाच्या कितीतरी पिढ्या बोयावरच जन्मल्या होत्या, म्हणजे तो तिथे बराच काळ होता. मृण्मयी आनंदाने जवळजवळ ओरडलीच, "मावशी, होडी बुडाली नाही! हा बोया यंदापर्यंत तिथल्या धक्क्याला होता."

"चोरून नेली असंल कुणी."

"असेल," मृण्मयीचा आवाज खाली आला. तो विचार तिला सुचलाच नव्हता.

जानकीबाईने बोयाचा तुटका दोर चाचपला. दोर नवा होता, परका होता. गाठीवर मात्र तिचा अंगठा थांबला.

"ही त्याचीच. डावखुरा ना, उलटी मारायचा."

 ती पदर खोचून उठली.

"नारळ घ्यायचाय. तीन नारळी पुनवा मी दर्याला नारळ दिला नाही. त्या बिचाऱ्यानं काहीच केलं नव्हतं."